झेंडा वर्णाचा, धंदा गर्दचा

प्रश्न : अमेरिकी तुरुंगातल्या ‘आर्यन ब्रदरहूड’ टोळीचे लोक स्वस्तिक गोंदवतात. ते आपलंच का?

नाही. ते हिटलरच्या पक्षाचं चिन्ह. त्यांच्या लेखी ‘आर्यन’ म्हणजे फक्त गोरा. तुम्हाआम्हाला त्यात जागा नाही.

प्रश्न : सरकारच्या कडेकोट पहाऱ्यात टोळ्या पोसल्या जातात कशा?

मूळ टोळी 1964 च्या सुमारास कॅलिफोर्नियातल्या सॅन क्वेन्टिन तुरुंगात उभी राहिली. काळ्या कैद्यांपासून गोऱ्यांचं रक्षण, हे तिचं निमित्त. पण मला टेक्ससची कहाणी जास्त बोलकी वाटते. तिथे रक्षक कमी, म्हणून दांडग्या कैद्यांनाच इतरांवर मुकादम नेमत. ते मारझोड करत, वर सवलती उपटत. 1980 मध्ये फेडरल न्यायाधीशांनी ही पद्धत घटनाबाह्य ठरवली आणि ते योग्यच होतं. मात्र मुकादम हटले तरी त्यांच्या जागी पुरेसे प्रशिक्षित रक्षक आलेच नाहीत. ती मोकळी जागा टोळ्यांनी बळकावली. ‘आर्यन ब्रदरहूड ऑफ टेक्सस’ त्याच काळातली. 1984 आणि 1985 या दोन वर्षांत तिथल्या तुरुंगांत 52 कैद्यांचे खून झाले. नवखा कैदी जीव वाचवायला टोळीचा आसरा घेतो, मग सुटका नाही. हा दोष मी प्रशासनाच्या पदरात घालतो.

प्रश्न : एवढा वर्णद्वेष, मग ‘मेक्सिकन माफिया’ या मेक्सिकन वंशाच्या कैद्यांच्या टोळीशी दोस्ती कशी?

अमली पदार्थांसाठी. शिवाय ‘ब्लॅक गुरिल्ला फॅमिली’ ही काळ्या कैद्यांची टोळी दोघांचीही वैरी. म्हणून द्वेष खोटा, असं मात्र समजू नका. 1998 मध्ये टेक्ससमधल्या जॅस्परला जेम्स बर्ड या काळ्या माणसाला पिकअप गाडीमागे साखळीने बांधून फरफटत मारलं. तिघा मारेकऱ्यांपैकी दोघे तुरुंगात असताना अशाच एका गोऱ्या टोळीत शिरले होते. तुरुंगातलं विष गावात पोचतं ते असं.

प्रश्न : म्होरक्यांना एकेकटं कोंडलं तर?

तेही करून झालं. 1983 मध्ये इलिनॉयच्या मॅरियन तुरुंगात टोळीशी जोडलेल्या दोन कैद्यांनी एकाच दिवशी दोन रक्षकांना ठार केलं. त्यानंतर कित्येक वर्षं तिथले कैदी दिवसाचे सुमारे 23 तास कोठडीत होते. 1994 मध्ये कोलोरॅडोत खास याचसाठी फ्लोरेन्सचा तुरुंग उघडला. तरीही निरोप जातच राहिले, कधी अदृश्य शाईने लिहिलेल्या चिठ्ठ्यांतून. 2002 मध्ये संघटित गुन्हेगारीच्या कायद्याखाली सुमारे 40 जणांवर आरोपपत्र आलं. 2006 मध्ये दोषी ठरलेले दोन्ही प्रमुख म्होरके आधीपासूनच गजाआड होते.