'फायनल फँटसी टेन' संपला. आता उरलेली आव्हानं खेळावीत का?

'फायनल फँटसी टेन' या जपानी व्हिडिओ गेमबद्दल तुमचा प्रश्न थोडक्यात असा : "एचडी रिमास्टर (सुधारलेली नवी आवृत्ती) परवा संपवला. शेवट बघून रडलो. क्रेडिट्स संपल्यावर सरळ टायटल स्क्रीनच आला. मित्र म्हणतो की खरा अवघड खेळ अजून बाकीच आहे : डार्क एऑन आणि पेनन्स हे ऐच्छिक महाबलाढ्य शत्रू, आणि प्रत्येक पात्राचं सगळ्यात ताकदवान असं सेलेस्टियल शस्त्र. हे खेळण्यात अर्थ आहे का, आणि असेल तर सुरुवात कुठून करू?"

अर्थ नक्की आहे. आणि आधी गोष्ट संपवलीत, हे फार बरं केलंत.

या खेळात शेवटानंतरची सेव्ह नाही. पोस्ट-गेम म्हणून जे काही आहे ते सगळं शेवटच्या लढाईच्या आधीच खेळायचं असतं. एअरशिप (उडतं जहाज) हाती आली की स्पायरा, म्हणजे खेळातलं जग, मोकळं होतं, सिन हा महाराक्षस आकाशात वाट बघत थांबतो, आणि तुम्ही हवं तितकं भटकू शकता. त्यामुळे बरेच जण पहिल्याच खेपेला आधी ताकद वाढवत बसतात आणि मग शेवटाकडे जातात. पहिल्यांदा खेळताना मीही तेच केलं, आणि त्याची हळहळ आजही वाटते.

एऑन म्हणजे बोलावून आणलेली अद्भुत शक्ती. शेवटच्या लढाईतला ब्रास्काज फायनल एऑन, म्हणजे नायक टिडसचा बाप जेक्ट, याच्या पहिल्या रूपाला ६०,००० एचपी (जीवशक्तीचे गुण) आहेत आणि दुसऱ्याला १,२०,०००. सेलेस्टियल शस्त्र पूर्ण केलं की एका घावात ९९,९९९ पर्यंत डॅमेज होतं. म्हणजे पहिलं रूप एका घावात संपतं आणि दुसरं दोन घावांत. आता आठवून बघा, त्या लढाईत टिडसला 'टॉक' असा एक पर्याय मिळतो. तो दोनदा वापरता येतो आणि दर वेळी जेक्टचा ओव्हरड्राइव्ह (खास हल्ल्याचा) मीटर रिकामा होतो. अख्खा खेळ ज्या बापाचा राग राग केला त्याच्याशी मुलगा लढता लढता बोलतो, आणि त्या बोलण्याने बापाचा हात थोडा थांबतो. लढाईच्या नियमातच गोष्ट गुंफलेली अशी जागा मला दुसऱ्या फार थोड्या खेळांत सापडली आहे. मी अतिताकदीने गेलो तेव्हा टिडस एक अक्षरही बोलला नाही. जेक्टला हल्ला करायचीही संधी मिळाली नाही. दहा वर्षं तो मुलगा ज्या क्षणाची वाट बघत होता, तो माझ्या हातून तीन घावांत उरकला.

तुमच्या बाबतीत तसं झालेलं नाही. म्हणून आता शेवटच्या लढाईआधीची सेव्ह उघडा, तिची एक प्रत वेगळ्या स्लॉटमध्ये ठेवा, आणि मागे फिरा. शेवट पाहून आल्यावर ही सगळी माणसं पुन्हा त्या एअरशिपवर उभी दिसतात. टिडस आहे, त्याला सांभाळणारा योद्धा ऑरॉन आहे, एऑन बोलावणाऱ्या युनाला अजून काही ठाऊक नाही. हे दृश्य पहिल्या वेळेपेक्षा फार वेगळं वाटतं. उरलेली आव्हानं खेळायचं माझ्या मते सगळ्यात मोठं कारण हेच आहे.

सुरुवात बाज मंदिरापासून करा. एअरशिपच्या नकाशावर शोधून काढावं लागतं ते ठिकाण. झनारकंड हे आपलं शहर सुटल्यावर टिडस एकटा, थंडीने कुडकुडत जिथे येऊन पडतो ते हेच भग्न मंदिर. तिथल्या पाण्यात त्याला गिळायला धावलेला गिओसगिनो हा राक्षस अजून तिथेच असतो. या वेळी टिडसबरोबर वाक्का आणि रिक्कू हे साथीदार असतात. त्याला हरवून आत गेलात की अ‍ॅनिमाची फेथ (जिच्या आत्म्यातून तो एऑन घडला ती व्यक्ती) भेटते. ही खलनायक सेमूरची आई. तिची हकीकत ऐकल्याशिवाय सेमूर अर्धाच कळतो, आणि इतकी महत्त्वाची गोष्ट करणाऱ्यांनी ऐच्छिक ठेवली याचं मला आजही नवल वाटतं. मात्र अ‍ॅनिमा मिळायला प्रत्येक मंदिरातल्या कोड्यात डिस्ट्रक्शन स्फिअर (एक खास गोळा) वापरून दडवलेली वस्तू काढलेली असावी लागते. तुम्ही त्या काढल्या असतील तर उत्तमच. बेसेड आणि मॅकलानियाच्या मंदिरांतली राहिली असेल तर तिथे आता वाट अडवून डार्क व्हॅलफोर आणि डार्क शिवा उभे आहेत, आणि व्हॅलफोरच्या एकटीच्या अंगात ८ लाख एचपी आहेत. जुलै २००१ मध्ये जपानमध्ये निघालेल्या मूळ आवृत्तीत हे डार्क एऑन नव्हते. ते नंतरच्या इंटरनॅशनल आवृत्तीत आले आणि तिथून रिमास्टरमध्ये. त्यामुळे जुन्या डिस्कवर खेळलेला कुणी "बेसेडला आरामात जा" म्हणाला तर त्याच्यावर विसंबू नका.

बाजनंतर 'काम लँड्स' (Calm Lands) या माळरानावरून पुढे रेमिएम मंदिराला जा. प्रवासात अधूनमधून युनाला आव्हान देणारी बेलजेमाइन तिथे आहे. एऑन विरुद्ध एऑन अशा लढती होतात. तिचे सगळे एऑन हरवलेत की ती युनाकडे एक शेवटची गोष्ट मागते. ती काय ते मी सांगत नाही. पण त्या मागणीनंतर तिची आधीची प्रत्येक भेट पुन्हा आठवून बघावीशी वाटते. युनाच्या शस्त्राचं सिजिलही (सेलेस्टियल शस्त्र पूर्ण करायला लागणारं चिन्ह) तिथेच मिळतं, तरी मी जाईन ते बेलजेमाइनसाठी.

सेलेस्टियल शस्त्रांसाठी आधी आरसा लागतो. रेमिएमच्या चोकोबो (स्वारीचा मोठा पक्षी) शर्यतीत धुरकट आरसा मिळतो, आणि मॅकलानियाच्या जंगलात एका ताटातूट झालेल्या कुटुंबाची भेट घडवून आणली की तो लख्ख होतो. मग प्रत्येक शस्त्रासाठी एक क्रेस्ट आणि एक सिजिल, अशी दोन चिन्हं. इथे आव्हानांचा दर्जा सारखा नाही, हे मोकळेपणाने सांगतो. वाक्काचं सिजिल ब्लिट्झबॉल (पाण्याखालचा चेंडूचा खेळ) खेळून मिळतं, मला तो खेळ मनापासून आवडतो, तुम्हाला आवडत नसेल तर कंटाळा येईल. साथीदार किमारीच्या सिजिलसाठी पकडायची फुलपाखरं डोळ्यांना त्रास देतात, पण अर्ध्या तासात होतात. टिडसची चोकोबो शर्यत मात्र निव्वळ छळ आहे. प्रत्येक फुग्यामागे तीन सेकंद वजा, पक्षी धडकला की तीन सेकंद जमा, आणि शेवटची वेळ शून्य किंवा त्याहून कमी हवी. त्यात कौशल्य आहेच, पण पक्षी कुठून येतील यावर बरंच अवलंबून आहे. त्यामुळे एका बैठकीत दहा-बारा प्रयत्न करून उठायचं. चिडून खेळलं की आणखी बिघडतं.

आणि साथीदार लुलूच्या सिजिलसाठीची वीज. थंडर प्लेन्सवर सलग २०० वेळा वीज चुकवायची. पडदा पांढरा झाला की क्षणात बटण दाबायचं, एक चुकली की पुन्हा शून्य. कितवी झाली हे खेळ दाखवत नाही, आपणच मोजायचं. मी हे पहिल्यांदा केलं तेव्हा पीएस२ होता, गाव सांगली जिल्ह्यातलं, आणि धाकटी बहीण शेजारी बसून मोजायची. तिची पंचाईत अशी, की 'एकोणसाठ', 'अठ्ठ्याहत्तर' म्हणेपर्यंत पुढची वीज यायची. मग तिने युक्ती काढली : दहापर्यंत मोजायचं आणि दहा झाले की एक शेंगदाणा ताटलीत. वीस शेंगदाणे झाले की काम फत्ते. सतरा शेंगदाणे झाले होते आणि भारनियमनाची वेळ झाली. टीव्ही गेला, पीएस२ गेला. बहीण रडली. दुसऱ्या दिवशी वीज आल्यावर तीच म्हणाली, "दादा, चल, परत लावू." तिसऱ्या दिवशी वीस शेंगदाणे पूर्ण झाले. तुम्हाला एक सोय सांगतो : दक्षिणेकडच्या भागात एका मनोऱ्याजवळ जमिनीत खळगा आहे, त्यात पाऊल टाकलं की वीज ठरलेली पडते. म्हणजे वाट बघत ताटकळायचं नाही, एक ताल सापडतो. अंगात 'नो एन्काउंटर्स' असलेलं चिलखत घाला, नाहीतर मधेच राक्षस येऊन तो ताल मोडतो.

याच्या पुढे खेळाचा स्वभाव बदलतो. काम लँड्सच्या पूर्वेला मॉन्स्टर अरीना आहे. तिथला म्हातारा पकडण्याची खास शस्त्रं विकतो. त्या शस्त्राचा शेवटचा घाव बसला की राक्षस मरत नाही, पिंजऱ्यात जातो. प्रत्येक जातीचे दहापर्यंत पकडता येतात, आणि पुरेसे झाले की म्हातारा त्यांच्यापासून नवे, महाभयंकर राक्षस तयार करतो. पकडापकडीचा भाग मला फार आवडतो, कारण त्या निमित्ताने बेसेडच्या किनाऱ्यापासून गागाझेटच्या बर्फापर्यंत सगळं स्पायरा पुन्हा पायाखाली येतं. तुम्ही ज्या वाटेवर युनाच्या मरणाच्या दिशेने चालत होतात, त्याच वाटेवर आता घाई नसते.

नंतरचं आहे ते शुद्ध ग्राइंडिंग, म्हणजे ताकद वाढवण्यासाठी त्याच त्या लढाया. स्फिअर ग्रिडवरचा (पात्रांची क्षमता वाढवण्याचा पट) प्रत्येक गुण २५५ वर न्यायचा. त्यात सगळ्यात चिवट म्हणजे लक, अर्थात नशीब. लक स्फिअर अरीनातल्या ग्रेटर स्फिअर या राक्षसाकडून मिळतो, तो चालू करायला लागणारा फॉर्च्यून स्फिअर तिथल्याच अर्थ ईटरकडून, आणि एवढं करून एका जागेला वाढतं फक्त ४. गणित करून बघा, आणि एका माणसाचं नाही, निदान तिघांचं करा. ग्रिडवर पुढे सरकायला लागणाऱ्या एपीसाठी (अनुभवगुण) डॉन टॉनबेरी या राक्षसाची युक्ती आहे : शस्त्रावर ओव्हरड्राइव्हचं एपीमध्ये रूपांतर करणारे गुण चढवायचे आणि त्याचा मार खायचा. एका लढाईत स्फिअर लेव्हल भरभरून मिळतात. ती युक्ती नसती तर मी अर्ध्यातच सोडलं असतं. पीसीवर खेळत असाल तर वेग वाढवण्याची सोय बिनदिक्कत वापरा, ती याच कामासाठी आहे.

आता डार्क एऑन. डार्क योजिम्बोला पाच वेळा हरवावं लागतं, डार्क बहामुटला ४० लाख एचपी, डार्क अ‍ॅनिमाला ८० लाख. सगळे पडले की नकाशावर पेनन्स येतो : १ कोटी २० लाख. ९९,९९९ चा एक घाव धरला तरी किमान १२१ घाव, आणि वर त्याचे दोन हात, प्रत्येकी ५ लाखांचे, तोडले तरी पुन्हा उगवणारे. हात वेळेत तोडायचे आणि मधल्या फटीत देहावर घाव घालायचे, हाच त्या लढाईचा ताल. रिबन, ऑटो-हेस्ट, ऑटो-फिनिक्स आणि ब्रेक एचपी लिमिट हे गुण असलेली चिलखतं आधी तयार ठेवा. चिलखतं बरोबर असली तर लढाई लांबलचक आहे, फार अवघड नाही. अवघड असते ती तिथवरची तयारी.

इतका वेळ नसेल तर योजिम्बो हा पैसे घेऊन लढणारा एऑन आहे. काम लँड्सच्या घळीतल्या गुहेत तो मोल ठरवून भेटतो. कशासाठी हवा असं विचारेल तेव्हा सगळ्यात बलाढ्य शत्रूंना हरवण्यासाठी, असं उत्तर द्या, म्हणजे पुढे त्याची झानमातो तलवार चालण्याची शक्यता वाढते. झानमातो चालली की समोर कुणीही असो, एका घावात संपतो, अगदी पेनन्ससुद्धा. त्याला नियमित बोलवा, पैसे सढळ हाताने द्या. काही जण याला लबाडी म्हणतात. मला तसं वाटत नाही. करणाऱ्यांनी ही वाट मुद्दाम ठेवली आहे, आणि डार्क व्हॅलफोर आडवी आली म्हणून तुमची अ‍ॅनिमा अडली असेल तर जरूर हीच वाट धरा.

माझं मत विचाराल तर बाज, रेमिएम, आरसा आणि सगळीकडे विखुरलेले जेक्टचे स्फिअर हे प्रत्येकाने करावं. ते स्फिअर म्हणजे जेक्ट, युनाचे वडील ब्रास्का आणि तरुण ऑरॉनने आपल्या प्रवासात चित्रित करून ठेवलेले तुकडे. शेवट पाहून आल्यावर जेक्टचा तो रांगडा आवाज ऐकवत नाही, तरी ऐका. त्यातून ऑरॉनचे नवे ओव्हरड्राइव्हही मिळतात. शस्त्रांपैकी जी आवडत्या माणसाची असतील तेवढीच करा, सातही करण्याची सक्ती नाही. पेनन्सच्या मागे मात्र तेव्हाच लागा, जेव्हा आकडे वाढताना बघून तुम्हाला खरोखर आनंद होतो. मला होतो. रिमास्टरवर पेनन्स पडला तेव्हा घड्याळात १६३ तास झाले होते आणि पहाटेचे पावणेचार. बहिणीला फोटो पाठवला. ती आता नाशिकला असते. तिचं उत्तर सकाळी आलं : "शेंगदाणे किती लागले?"

त्या सेव्हवरून मी जेक्टकडे गेलो नाही. ती तशीच ठेवली आहे, सगळेजण एअरशिपवर. जेक्टशी लढायचं असतं तेव्हा दुसऱ्या स्लॉटमधली साधी सेव्ह उघडतो, जिच्यात टिडसला बोलायला वेळ मिळतो. म्हणूनच वर म्हटलं, काहीही सुरू करण्याआधी तुमची आजची सेव्ह वेगळी काढून ठेवा.