मोगलमारीला जायचंय? मग खरगपूरलाच उतरा

प्रश्न: नमस्कार, डिसेंबरात आम्ही कोलकात्याला चाललोय, सोबत सासूबाई आहेत. वाटेत पश्चिम बंगालमध्येच सुवर्णरेखा नदीकाठी मोगलमारी म्हणून गाव आहे, तिथे जुना बौद्ध विहार सापडलाय असं वाचलं. मिस्टर म्हणतात नुसत्या विटा बघायला एवढ्या लांब कशाला, बोरिवलीला कान्हेरी लेणी आहेत की. जावं का? आणि बौद्ध जागेला मोगलांचं नाव कसं? - एक वाचक, नालासोपारा

उत्तर: जाच, आणि मिस्टरांनाही न्या. विटाच आहेत हे खरंय, पण तिथे कान्हेरीसारखा डोंगर नाहीच कोरायला, म्हणून विटा भाजून भिंती रचल्या आणि त्यांच्यावर चुन्याच्या गिलाव्यात मूर्ती घडवल्या, नक्षीच्या विटा बसवल्या. सहाव्या शतकापासून बाराव्यापर्यंतचं काम आहे हे. भिक्खूंच्या खोल्यांचे चौकोन आणि भिंतींवरचं गिलाव्याचं काम सावकाश बघा, घाईत काहीच दिसणार नाही.

आता मला सगळ्यात आवडणारी गोष्ट सांगते. खोदायच्या आधी तिथे नुसतं टेकाड होतं आणि गावातले लोक त्याला सखीसेनाची पाठशाळा म्हणायचे, म्हणजे राजकन्या सखीसेना तिथे शिकायला जायची आणि तिथेच तिचं अहिमाणिक नावाच्या तरुणावर प्रेम बसलं अशी कथा. विहार म्हणजे शिकायचीच जागा ना, बुद्धाचं नाव पुसलं गेलं पण शाळा होती एवढं लोकांनी धरून ठेवलं, मला तरी तसंच वाटतं. तुमच्या सोपाऱ्याचंही बघा, स्तूपाला लोक बुरुड राजाचा कोट म्हणायचे आणि 1882 मध्ये भगवानलाल इंद्रजींनी खणल्यावर आतून अवशेष ठेवायचा करंडक आणि बुद्धांच्या आठ मूर्ती निघाल्या.

मोगलमारीत कलकत्ता विद्यापीठाचे डॉ. अशोक दत्त सुवर्णरेखेकाठची जुनी बंदरं शोधत फिरत होते, तेव्हा तिथल्या एका शिक्षकांनी त्यांना हे टेकाड दाखवलं. 2003-04 मध्ये उत्खनन सुरू झालं, पुढे 2013 पासून पश्चिम बंगालच्या पुरातत्त्व खात्याने हातात घेतलं आणि 2016 मध्ये तर 90 हून जास्त ब्राँझच्या मूर्ती निघाल्या. गावच्या तरुण सेवा संघाचं वाचनालय त्या टेकाडावरच आहे, त्यांनीच सापडलेल्या वस्तू मांडून ठेवल्यात, ती खोली चुकवू नका आणि तिथल्या पोरांशी बोला, फार आपुलकीने जपलंय त्यांनी.

नावाचं म्हणाल तर जवळच तुकारोईला 1575 मध्ये अकबराचा सरदार मुनीम खान आणि बंगालचा दाऊद खान कररानी यांची मोठी लढाई झाली, गावाचं नाव त्या लढाईशी जोडतात. विहार त्याच्या हजारेक वर्षं आधीचा. नदी मात्र गावाला लागून दिसणार नाही, पात्र सरकून चार-पाच किलोमीटर पश्चिमेला गेलंय, फोटोसाठी वेगळी गाडी करावी लागेल.

जायचं कसं तर सीएसएमटीहून गीतांजली एक्सप्रेसने जाणार असाल तर हावड्यापर्यंत जाऊन परत उलटं येऊ नका, खरगपूरलाच उतरा. तिथून बालासोरच्या दिशेने जाणारी लोकल पकडून नेकुरसेनीला उतरता येतं, पण सासूबाई आहेत तर सरळ गाडी ठरवा, पन्नासेक किलोमीटर आहे. डिसेंबर उत्तम, पावसाळ्यात अजिबात जाऊ नका.

आणखी एक दिवस काढता आला तर कोलकात्याला जाताना मेचेदा स्टेशनहून तमलूकला वळा. रूपनारायण नदीकाठचं हे गाव म्हणजे जुनं ताम्रलिप्ती बंदर, चिनी बौद्ध प्रवासी फाहियान तिथे दोन वर्षं राहिला, ग्रंथ उतरवून घेतले आणि तिथूनच जहाजाने सिंहलला म्हणजे श्रीलंकेला गेला. दोन्ही एकाच दिवसात मात्र करू नका, सासूबाईंची दमछाक होईल.