‘कालबद्ध बुरशी’ की ‘कालज्ञ कवक’?

नागपुरातील एका कथालेखिकेने विचारले आहे की, त्यांच्या विज्ञानकथेत अंबाझरीच्या वनाखाली पसरलेली, विचार करू शकणारी एक काल्पनिक बुरशी आहे आणि तिच्या तंतूंतून काळाचा ओघ वाहतो. तिला ‘कालबद्ध सजीव बुरशी’ म्हटले तर चालेल का? माझ्या मते चालणार नाही.

‘कालबद्ध’ हा शब्द कचेऱ्यांनी केव्हाच ताब्यात घेतला आहे. कालबद्ध कार्यक्रम म्हणजे ठरलेल्या मुदतीत पुरा करायचा कार्यक्रम, आणि ‘कालबद्ध पदोन्नती’ तर सरकारी नोकरांच्या घरोघरी ओळखीची. तेव्हा या बुरशीची बढती कुठे अडली असावी, असे एखाद्या वाचकाच्या मनात आले तर त्याचा दोष नाही. ‘सजीव’ या विशेषणाने काहीच साधत नाही, कारण लोणच्यावरची बुरशीही सजीवच असते. ‘संवेदनशील’ घ्यावे तर पोलीस बंदोबस्तातील ‘संवेदनशील वस्ती’ आठवते.

खरी अडचण नामाची आहे. मराठी कानाला ‘बुरशी’ म्हणजे शिळ्या पोळीवर किंवा ओल्या भिंतीवर धरलेला थर, आणि त्या शब्दाला नासण्याचा वास आहे. ‘काळबुरशी’ असा समास केला, तर २०२१ मध्ये म्युकरमायकोसिसला सर्रास म्हटली गेलेली ‘काळी बुरशी’ डोळ्यांपुढे येईल. ‘कालबुरशी’ केला, तर आदल्या दिवशीची बुरशी असा अर्थ लागेल, कारण मराठी शब्दाला जोडलेला ‘काल’ आधी ‘आज’च्या मागचा दिवसच सांगतो. संस्कृत शब्दाशी जोडल्यावर मात्र तो निःशंकपणे समयवाचक होतो, जसे कालगणना, कालचक्र, कालातीत. ‘भूछत्र’ आणि ‘अळंबी’ हे शब्द जमिनीवर उगवणाऱ्या फळाचे आहेत, आणि या कथेतील जीव मुख्यतः जमिनीखालच्या तंतुजालात राहतो. म्हणून ‘कवक’ हा पाठ्यपुस्तकी शब्दच येथे योग्य ठरतो.

विशेषण म्हणून मी ‘कालज्ञ’ सुचवीन. हा जुना संस्कृत शब्द आहे आणि कोशांत त्याचे अर्थ ज्योतिषी आणि कोंबडा असे दिलेले आढळतात. म्हणजे वेळ जाणणाऱ्या माणसाला आणि पक्ष्याला तो आधीच लावला गेला आहे, आता कवकाला लावण्यात अडचण नसावी. जाणीव आणि काळ या दोन्ही गोष्टी त्या एका शब्दात येतात, त्यामुळे ‘सजीव’चा प्रश्नच उरत नाही. न्युरोस्पोरा क्रासा ही प्रयोगशाळांतील प्रसिद्ध बुरशी अखंड अंधारात ठेवली, तरी साधारण २२ तासांच्या आवर्तनाने बीजाणू तयार करते. तिला जैविक घड्याळ आहे, पण ते आपल्याजवळ आहे हे ती जाणत नाही, आणि ‘ज्ञ’ने नेमका तोच फरक दाखवला जातो. काळ वाहण्याची गोष्ट नावात कोंबू नये. ‘कालवाही’ म्हटले की कालवा ऐकू येतो. ती वाक्यात सांगावी: ‘ज्याच्या तंतूंतून काळाचा ओघ वाहतो असे कवक’.

लिंगाचा मुद्दा लेखिकेने काढलेला नाही, तरी कथेत तो अडेल. बुरशी ‘म्हणाली’ की लगेच एक बाई उभी राहते. कवक ‘म्हणाले’ या नपुंसकलिंगी क्रियापदाने ते परकेपण टिकते, आणि अनेक कवके एका मनाने बोलणार असतील तर ‘म्हणाली’ हेच रूप अनेकवचनी होऊन उपयोगी पडते.

हे सारे कथेतील संशोधकांच्या तोंडी शोभेल. जंगलाकाठच्या माणसांच्या तोंडी मात्र ‘कालज्ञ कवक’ घालू नये. पूर्व विदर्भात पावसाळ्यात वारुळांवर उगवणाऱ्या रानअळंब्यांना ‘सात्या’ म्हणतात, आणि ती माणसे या जीवालाही आपल्या सात्यांपैकीच धरतील.