तांदळात लिहिलेलं नाव

प्रिय सई,

काल न्यूयॉर्क राज्यातल्या पकिप्सीला आनंदीबाई जोशींच्या समाधीच्या दगडावर फुलं वाहून परत येताना तू मागच्या सीटवरून एक प्रश्न विचारलास आणि मी उत्तर द्यायचं सोडून खिडकीबाहेर बघत बसले. बाबांच्या ते लक्षात आलं, म्हणून त्यांनी कॉफीला कुठे थांबायचं हा विषय काढला. मग तूही गप्प झालीस. तुझं ते गप्प होणं मला रात्रभर टोचत राहिलं. मराठीत लिहिते आहे, कारण हे मला इंग्रजीत धड सांगता येणार नाही. शनिवारच्या शाळेमुळे तुला वाचता येईल. अडलं तर ये, शेजारी बसून वाचून दाखवीन.

तू विचारलंस, "आई, तिचं खरं नाव यमुना होतं, मग दगडावर यमुना का नाही? लग्न झालं म्हणून नवऱ्यानं नाव बदलून टाकलं? आपण मोतीचं बदललं तसं?"

मोतीला कुत्र्यांच्या शेल्टरमधून आणलं तेव्हा तो रॉकी होता. तू टोमणा मारत नव्हतीस, हे मला कळतं. नाव बदललेलं कुणीतरी म्हणून तुला तेवढा एक मोतीच आठवला. माझ्या डोळ्यांसमोर मात्र तुझी आजी, म्हणजे माझी आई आली.

आधी आनंदीबाईंचं सांगते, कारण तुला पकिप्सीला न्यायचा हट्ट माझा होता. मी कल्याणची. आनंदीबाईही कल्याणच्या, ३१ मार्च १८६५चा जन्म. शाळेत बाईंनी धडा शिकवला, तेव्हा "आपल्या गावची" म्हणताना त्यांचा आवाज बदलला होता. त्या दिवशी घरी येताना मी पारनाक्याच्या गल्ल्यांमधून मुद्दाम लांबच्या वाटेनं आले. ज्या गावात बायका पाणी भरायला रांगा लावतात, त्याच गावची एक मुलगी बोटीत बसून अमेरिकेला गेली आणि डॉक्टर झाली! मला माझी उंची वाढल्यासारखं वाटलं होतं. १८८३च्या एप्रिलमध्ये ती कलकत्त्याहून निघाली, जूनमध्ये न्यूयॉर्कला पोचली आणि राहिली कुठे, तर न्यू जर्सीतल्या रोझेलला, तिला पत्रांतून ओळखणाऱ्या अमेरिकन कार्पेंटर बाईंच्या घरी. तू बास्केटबॉलच्या मॅचला जातेस तेच रोझेल, आपल्या घरापासून अर्ध्या तासाच्या आत. ११ मार्च १८८६ला फिलाडेल्फियाच्या बायकांच्या मेडिकल कॉलेजातून ती एम.डी. झाली. तो सोहळा बघायला पंडिता रमाबाई आल्या होत्या. कोल्हापूर संस्थानानं तिला दवाखान्यातल्या बायकांच्या विभागाची नोकरी देऊ केली, पण ती परतली तीच क्षयानं पोखरलेली. २६ फेब्रुवारी १८८७ला पुण्यात गेली. बावीस वर्षं पुरी व्हायला महिना राहिला होता. तिची रक्षा कार्पेंटर बाईंकडे पाठवली आणि त्यांनी ती आपल्या घरच्या माणसांशेजारी ठेवली. काल आपण फुलं वाहिली ती तिथे.

धड्यात यमुना नव्हती. ती मला कॉलेजात गेल्यावर कळली आणि तेव्हा मी तो तपशील वाचून पुढचं पान उलटलं होतं. तू तेरा वर्षांची आहेस आणि तू तिथेच थांबलीस.

आता आजीचं.

मी सहा-सात वर्षांची असेन. मे महिन्यात आम्ही सांगलीला मामाकडे निघालो होतो. एसटी स्टँडवर उतरलो आणि गर्दीतून कुणीतरी जोरात ओरडलं, "सिंधेऽऽ!" ही सिंधू कोण म्हणून मी मागे वळून बघितलं, तर माझी आई माझा हात सोडून पळत सुटली होती. पळत! हातातली वळकटी खाली टाकून. कल्याणच्या घरात मी तिला कधी पळताना पाहिलं नव्हतं. मामानं तिच्या डोक्यावर टपली मारली, तिनं त्याला परत मारली, आणि मी पिशव्यांजवळ एकटी उभी राहून त्या बाईकडे बघत होते. माझ्या आईचं नाव सुनंदा होतं. रेशनकार्डावर, माझ्या प्रगतिपुस्तकावर, दारावरच्या पाटीवर माझ्या बाबांच्या नावाखाली, सगळीकडे सुनंदा.

सांगलीला असेपर्यंत ती सिंधू असायची. सकाळी उशिरा उठायची. पहिल्या पंगतीला बसायची. माझ्या आजोबांशी पेपरातल्या बातमीवरून वाद घालायची आणि हरली की रुसायची. परत निघताना एसटीत बसली की पदर नीट करायची, आणि साताऱ्याच्या आसपास कुठेतरी ती पुन्हा सुनंदा झालेली असायची. मला ते नेमकं कुठे होतं ते पकडायचं असायचं, पण मला प्रत्येक वेळी झोप लागायची.

मोठी झाल्यावर तिनं मला ताटाचं सांगितलं. लग्न लागून नवरी घरी आली, माप ओलांडून आत आली, की लक्ष्मीपूजन होतं. चांदीच्या ताटात तांदूळ पसरतात. नवरा सोन्याच्या अंगठीनं त्या तांदळात बायकोचं नवं नाव लिहितो. मग साखर वाटून सगळ्यांना ते नाव सांगतात. तिला आधी कुणी विचारलं नव्हतं. ताट तिच्या बाजूनं उलटं होतं, म्हणून तिला आपलं नाव लगेच वाचता आलं नाही. तोंडात साखर पडल्यावर कुणीतरी "सुनंदा, नमस्कार कर" म्हणालं, तेव्हा तिला कळलं की हे आपल्याला म्हणताहेत. दुसऱ्या दिवशी ते तांदूळ गोळा करून डब्यात टाकले आणि त्यांचा भात झाला. हे सांगताना ती हसत होती.

कारण विचारशील, तर घरात आधीच एक सिंधू होती. माझी आत्या. एका घरात दोन सिंधू कशा चालतील, म्हणून सुनेचं नाव बदललं. माझी आजी, म्हणजे तुझी पणजी, वाईट बाई नव्हती गं. आईच्या बाळंतपणात ती रात्र रात्र जागली. तिला स्वतःला सासरी मिळालेलं नाव कुणी ठेवलं आणि त्याआधीचं काय होतं, हे मात्र मला माहीत नाही. माझ्या बाबांनाही माहीत नव्हतं. तिच्या माघारी ते सांगणारं कुणी उरलं नाही. हे लिहिताना माझा हात थांबला.

तू रात्री ज्या वाटीत दही-साखर खातेस, ती उलटी करून बघ. बुडाशी बारीक बारीक ठिपक्यांनी कोरलंय: 'चि. सिंधू'. भांड्याच्या दुकानात बसून नाव घालून देणारा माणूस असायचा, टकटक करत. माहेरून आलेल्या भांड्यांवर तिचं ते नाव राहून गेलं. बाकीची भांडी मोडीत गेली. मी इकडे येताना सामानात ती एक वाटी घातली, तेव्हा आई म्हणाली, "अगं, तिकडे काय वाट्या मिळत नाहीत?" पण परत बाहेर नाही काढली तिनं.

आणि माझं? माझ्या लग्नातही ताट आलं, २००१ साली. तुझ्या आजीनं, बाबांच्या आईनं, मला आधीच बाजूला घेऊन विचारलं होतं, "तुला बदलायचंय का?" मी नाही म्हटलं. बाबांनी तांदळात माझंच नाव लिहिलं, टाळ्या पडल्या, मी ताठ मानेनं सगळ्यांकडे बघितलं. महिन्याभरात पासपोर्टचा अर्ज भरला. मधे बाबांचं नाव, शेवटी बाबांचं आडनाव. कुणी सांगितलं नव्हतं. व्हिसाला अडचण नको म्हणून मीच भरला, माझ्याच अक्षरात. तू यमुनाच्या नावाचं विचारलंस, तर मला उत्तर सुचलं नाही ते यामुळे.

आता तुझ्या प्रश्नाकडे येते. न्यायमूर्ती रानड्यांच्या पत्नी रमाबाई, ज्यांच्यामुळे पुण्यात सेवासदन उभं राहिलं, त्याही माहेरच्या यमुनाच. कुर्लेकरांची यमुना, सांगलीकडच्याच देवराष्ट्र्याची. १८७३ साली अकराव्या वर्षी लग्न झालं आणि यमुनाची रमा झाली. पुढच्याच वर्षी कल्याणच्या नऊ वर्षांच्या यमुनाची आनंदी झाली. दोघींना नवऱ्यांनीच शिकवलं. याचं काय करायचं, सांग? आनंदीचे गोपाळराव पोस्टात होते, तिला शिकवायचा त्यांना ध्यास होता आणि तिच्या आयुष्यात त्यांनी जे दार उघडलं, ते त्या काळी हजारात एकानं उघडलं नसतं. आणि तिनंच अमेरिकेतून त्यांना लिहिलेल्या पत्रात आहे, की दहाव्या वर्षी त्यांनी लाकडाच्या ढलप्यांनी मारलं होतं, बाराव्या वर्षी खुर्च्या-पुस्तकं अंगावर फेकली होती. ज्यानं 'आनंदी' नाव ठेवलं, त्याच माणसानं. तू लहानपणी विचारायचीस, आनंदी म्हणजे हॅपी ना? हो, तोच अर्थ. काल दगडासमोर मला तेच आठवत होतं.

त्या दगडावर लिहिलंय, शिक्षणासाठी भारताबाहेर पडलेली पहिली ब्राह्मण स्त्री. तो 'ब्राह्मण' शब्द वाचून तू माझ्याकडे बघितलंस, तेही मला दिसलं. मलाही तो खुपतो. तिच्या जन्माच्या सतरा वर्षं आधी, १८४८ मध्ये, सावित्रीबाई फुल्यांनी पुण्यात भिडे वाड्यात मुलींना शिकवायला सुरुवात केली होती. ती वाट आधी पडली नसती, तर यमुनाच्या हातात पाटी आली असती का? सावित्रीबाईंवर तुला स्वतंत्र पत्र लिहायला हवं. या पत्रात ते मावणार नाही.

पण एका बाईंबद्दल सांगितल्याशिवाय राहवत नाही. रखमाबाई. आनंदीहून काही महिन्यांनीच मोठ्या. अकराव्या वर्षी लग्न झालं होतं. मोठ्या झाल्यावर त्या म्हणाल्या, या लग्नाला माझी संमती नव्हती, मी नांदायला जाणार नाही. नवऱ्यानं १८८४ मध्ये मुंबईच्या हायकोर्टात दावा लावला. १८८७ मध्ये कोर्ट म्हणालं, नवऱ्याकडे जा नाहीतर सहा महिने तुरुंगात. त्या म्हणाल्या, तुरुंगात जाते. शेवटी १८८८ मध्ये दोन हजार रुपये देऊन तडजोड झाली. मग त्या लंडनला जाऊन डॉक्टर झाल्या आणि सुरत-राजकोटला आयुष्यभर बायकांची बाळंतपणं केली. त्यांच्या खटल्यानं एवढी खळबळ उडाली, की मुलींच्या संमतीचं वय वाढवणाऱ्या १८९१च्या संमतिवयाच्या कायद्यामागे त्या खळबळीचाही हात मानला जातो. त्यांना पुष्कळ जण डॉक्टर रखमाबाई म्हणूनच ओळखतात, पुढे कुणाचं नाव लावावं लागत नाही. आणि एवढं करून, १९०४ मध्ये तो नवरा वारला, तेव्हा त्यांनी विधवेचं पांढरं लुगडं नेसलं. ज्याची बायको व्हायचं नाकारण्यासाठी तुरुंगाची तयारी केली, त्याच्यासाठी! हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला त्यांचा राग आला होता. आता येत नाही. कधी कधी वाटतं, तो माझा पासपोर्टचा अर्जच आहे.

आज सकाळी तू झोपली होतीस तेव्हा मी आजीला फोन केला. तुझा प्रश्न सांगितला, मोतीसकट. मला वाटलं, दुखावेल. ती आधी खूप हसली. मग म्हणाली, "सिंधूला कुणी कधी रागावलं नाही गं. रागावून घ्यायला सुनंदा होती. सिंधू माहेरी सुखरूप राहिली." मी विचारलं, वाईट वाटलं होतं का? तर म्हणाली, "वाटायला वेळ कुठे होता, लगेच पाहुण्यांच्या चहाचं आधण ठेवायचं होतं." हे ती मला बरं वाटावं म्हणून म्हणाली की तिला खरंच तसं वाटतं, हे मला पन्नाशीला येऊनही ओळखता येत नाही. मामा गेल्यापासून तिला सिंधे म्हणणारं कुणी राहिलेलं नाही. हे तिनं नाही सांगितलं, फोन ठेवल्यावर माझ्याच लक्षात आलं.

तर, मोतीसारखं का? थोडंसं तसंच, सई. हे मान्य करायला मला एक रात्र लागली. ज्यांनी केलं त्यांचं प्रेम होतं, साखर होती, चांदीचं ताट होतं, आणि तिला विचारलं नव्हतं. यातलं एक सांगून दुसरं लपवणं मला जमणार नाही. मला ते ताट आवडतं. तांदळाचा तो आवाज, अंगठी टेकल्यावर येणारा, मला अजून ऐकू येतो. तुझ्या लग्नात, झालं तर, ते असावं की नसावं हे मी आज सांगणार नाही. तेव्हाही विचारलंस तरच सांगेन.

तुझ्या मामेभावाला मागच्या वर्षी मुलगी झाली ना, तिच्या जन्मदाखल्यावर आधी तिचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि मग आडनाव आहे. १ मे २०२४पासून जन्मलेल्या मुलांसाठी महाराष्ट्र सरकारनं तसा नियमच केलाय. वहिनीनं फोटो पाठवला, तेव्हा मी तो दोनदा मोठा करून बघितला. तुझ्या दाखल्यावर तुझ्या मधे बाबा आहेत. तुला मला तिथे बसवायचं असेल तर मी चौकशी करून ठेवीन. नसेल तरी चालेल.

रविवारचा आजीचा फोन आज तूच घे. हाक काय मारायची ते तिलाच विचार. आणि वाटी नीट पुसून ठेव, घासणीच्या खरखरीत बाजूनं घासू नकोस. ठिपके आधीच पुसट झालेत.

तुझी,
आई