सिमेंटचे पत्रे आणि फायबर सिमेंट बोर्ड : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : चिपळूणला पडवीवर सिमेंटचे पन्हाळी पत्रे टाकून दोन वर्षं झाली. बोल्टपाशी तडे गेलेत आणि पावसात जोडांतून पाणी येतं. माल खराब निघाला का?

माल खराब असता तर तडे कुठेही गेले असते. बोल्टपाशीच गेलेत, म्हणजे बहुतेक बसवण्यात चुकलं आहे. हे पत्रे फायबर सिमेंटचे, म्हणजे तंतू मिसळलेल्या सिमेंटचे असतात. ते ओलं झालं की किंचित वाढतं, सुकलं की आकसतं. म्हणून ८ मिलिमीटरच्या जे-बोल्टला (इंग्रजी J सारख्या वाकड्या बोल्टला) भोक १० मिलिमीटरचं हवं, तेही पन्हाळीच्या उंचवट्यावर आणि ड्रिलनेच पाडलेलं. खिळ्याने ठोकून पाडलेल्या भोकाची कड खालून फुटते आणि तडा तिथूनच पुढे सरकतो. नट करकचून आवळू नका. डांबरी वॉशर पत्र्याला नीट टेकला की थांबायचं.

गळतीसाठी चार पत्रे एकत्र येतात तो कोपरा पाहा. तिथे चार जाडी एकावर एक आल्या तर पत्रे उचललेले राहतात, फटीतून पाणी शिरतं आणि बोल्ट आवळला की कोपराच मोडतो. या चारांपैकी मधल्या दोन पत्र्यांचे समोरासमोरचे कोपरे तिरके कापायचे असतात : खालच्या ओळीतल्या दुसऱ्या पत्र्याचा वरचा आणि वरच्या ओळीतल्या पहिल्या पत्र्याचा खालचा. काप उतारावर १५० मिलिमीटर, म्हणजे खालीवरच्या जोडाइतका, आणि आडवा बाजूच्या जोडाइतका. वेळ वाचवायला ही पायरी सर्रास गाळली जाते, आणि कोकणातल्या पावसात तिची किंमत घरमालक मोजतो.

पावसाळी वारा पश्चिमेकडून येतो, म्हणून पत्रे पूर्वेच्या टोकापासून टाकत यायचे. मग बाजूच्या जोडाची उघडी कड वाऱ्याकडे पाठ करून राहते. उतार १८ अंशांपेक्षा कमी असेल तर १५० मिलिमीटरचा जोड पुरत नाही, तो वाढवून आतून सीलही करावा लागतो. तडकलेले पत्रे बदलाच. वरून डांबर फासलं तर फार तर एखादा पावसाळा निघेल.

प्रश्न : नाशिकजवळ ९ मीटर लांबीचं दोन पाखी गोदाम बांधतोय. वळचणीपासून आढ्यापर्यंत उतारावर ४.३५ मीटर भरतं. पत्रे किती आणि कोणत्या लांबीचे?

पत्रा १.०५ मीटर रुंद असतो, पण जोड वजा जाता १.०१ मीटरच झाकतो. म्हणजे लांबीला ९ पत्रे. उतारावर २.२५ मीटरचे दोन पत्रे बसतात, पण ते घेऊ नका. ३ मीटरचा खाली आणि १.५ मीटरचा वर घ्या. जोड वजा करून तेवढेच ४.३५ मीटर भरतात. ६ मिलिमीटरच्या पत्र्याला दोन पर्लिनमधलं (पत्रा ज्यांवर टेकतो त्या आडव्या आधारांमधलं) अंतर १.४ मीटरपेक्षा जास्त चालत नाही. या जोडीत १.३४ मीटरवर चार पर्लिनमध्ये एक पाख उरकतं, २.२५ च्या जोडीला पाच लागतात. एकूण १८ मोठे, १८ लहान, आढ्याच्या पत्र्यांच्या ९ जोड्या आणि दीडशे जे-बोल्ट. वळचणीबाहेर पत्रा ३०० मिलिमीटरपेक्षा जास्त लोंबता ठेवू नका.

प्रश्न : ठाण्यात इमारतीच्या दर्शनी भागावर ८ मिलिमीटरचे बोर्ड लावले, जोड पुट्टीने भरून रंगवले. वर्षभरात प्रत्येक जोडावर रेघ उमटली, काही बोर्ड पोटात फुगले.

पुट्टी निघालीच असती. बाहेरच्या भिंतीवरचे जोड भरायचे नसतात. ८ ते १० मिलिमीटरची फट उघडी ठेवायची आणि मागच्या फ्रेमवर काळी रबरी पट्टी लावायची. बोर्ड आणि भिंतीमध्ये निदान २५ मिलिमीटर पोकळी हवी, खाली-वर हवेला वाट ठेवून तोंडाला जाळी लावलेली. आत गेलेलं पाणी तिथून निथळतं, मागची बाजूही सुकते. उभी फ्रेम ६०० मिलिमीटरवर घ्या. प्रत्येक बोर्डला मधोमध घट्ट भोकाचे दोन रिव्हेट, बाकी सगळी भोकं मोठी, म्हणजे बोर्ड मधून बाहेर सरकू शकतो.

एकाच बाजूला रंग दिलेला बोर्ड दुसऱ्या बाजूने ओल घेतो आणि वाकतो. मागच्या बाजूला आणि कापलेल्या कडांनाही सीलर द्या. खाडीकाठी स्क्रू-रिव्हेट स्टेनलेसचेच. बोर्ड घेताना आयएस (भारतीय मानक) १४८६२ प्रमाणे ‘टाइप ए’ आहे ना, हे विचारा. ‘टाइप बी’ ऊन-पाऊस थेट झेलण्यासाठी नसतो.

प्रश्न : जुन्या पत्र्यांवर शेवाळ आहे. प्रेशर पंपाने धुऊन रंग द्यावा का?

नको. जुना पत्रा बहुधा ॲस्बेस्टॉसचा असतो, आणि जोराच्या पाण्याने किंवा तारेच्या ब्रशने त्याचे तंतू सुटतात. ॲस्बेस्टॉसमुळे कर्करोग होतो, यात शंका उरलेली नाही. काढायचाच तर पत्रा आधी भिजवा, बोल्ट कापून अख्खा उतरवा, जाड प्लास्टिकमध्ये गुंडाळा. फोडून भरावात टाकू नका. नवीन घेताना आयएस ४५९ म्हणजे ॲस्बेस्टॉसचा, आयएस १४८७१ म्हणजे त्याविना बनलेला, हे पाहून घ्या. मात्र कापताना सिलिकाची धूळ दोन्हींत उडते. ॲस्बेस्टॉसविना बनलेला असला तरी ओलं करूनच कापा, एन ९५ मास्क लावा.

प्रश्न : पत्र्यावर माणूस चढला तर चालतं का?

थेट पाय कधीच ठेवू नका, नव्या पत्र्यावरसुद्धा. पर्लिनवर टेकणाऱ्या आडव्या फळ्या किंवा छपराची शिडी टाकूनच वर जायचं, कमरेचा पट्टा पक्क्या जागी बांधून. सिमेंटचा पत्रा वाकून इशारा देत नाही, एकदम फुटतो.