आधी तसबिरी, मग भिंती

चिरंजीवास आशीर्वाद.

पूर ओसरला की पहिली धाव फावड्याकडे असते. चिखल, गाद्या, कागद सगळं एकाच ढिगात जातं, आणि गेलेल्या माणसाचा एकुलता एक फोटोही त्यातच. तू दूधगंगेकाठच्या सदलग्याला जा की निपाणीकडच्या वेदगंगेकाठच्या गावांत, घरात शिरलास की आधी फोटो कुठं होते ते विचार. "टाक सगळं" असं कुणी म्हणालं तरी फोटोंची पिशवी बाजूला ठेव. तीच माऊली बाराव्याला हार घालायला फोटो शोधते.

भिजलेला अल्बम उन्हात घालू नकोस. फोटोवरचा जिलेटिनचा थर पाण्यानं फुगून मऊ होतो आणि वाळताना शेजारच्या फोटोला, प्लास्टिकला डिंकासारखा धरतो. मग सोडवायला गेलं की चेहराच निघून येतो. ओला आहे तोवरच सुटा कर. मागं शाईनं नाव, तारीख असेल तर आधी मोबाइलवर टिपून घे. घमेल्यात थंड, स्वच्छ पाणी घेऊन फोटो पाण्याखालीच हलके वेगळे कर. चित्रावर बोट फिरवू नकोस, पाणी गढूळलं की बदल. मग कडेला चिमटा लावून सावलीत दोरीवर टांग. साधारण ४८ तासांत बुरशी धरते. ढीग मोठा असेल तर मध्ये बटर पेपर घालून, पिशवीत बांधून फ्रीझरमध्ये ठेव, आइस्क्रीमवाल्याचाही चालेल. घरच्या प्रिंटरवरचे फोटो धुवू नकोस, रंग वाहून जातो. काचेला चिकटून वाळलेली तसबीर ओढू नकोस, काचेसकट मोबाइलवर तिचा फोटो घे.

आठवणी विचारायची मात्र घाई नको. पंचनाम्यात तेच तेच सांगून माणसं थकलेली असतात. फोटो परत द्यायला जाशील तेव्हा "हे कोण?" एवढंच विचार. बोलले तर ऐक. रेकॉर्डिंग विचारूनच कर, आणि रडू आलं की बंद कर. काळम्मावाडी धरणातून पाणी सोडल्याची बातमी असेल त्या आठवड्यात दूधगंगेकाठी हा विषय काढूच नकोस. तेव्हा तिथं कुणाला झोप नसते.

चुना मारण्याआधी भिंतीवरची पाण्याची रेघ उंबऱ्यापासून टेपनं मोज, तिथं खिळा ठोक, वर्ष लिही. २००५, २०१९, २०२१, ज्या ज्या पुराची खूण सापडेल तिची वेगळी. फोटोंची ट्रंक सगळ्यात वरच्या खिळ्याच्याही वर ठेवायला सांग.