विचारा की राव! : एकट्या माणसाची रांग

प्रश्न : दादा नमस्कार, मी राजारामपुरीतला. पोरगी इंग्लंडला शिकायला चाललीय म्हणून जुन्या पुस्तकांच्या गाड्यावरनं जॉर्ज मिकेशचं 'हाऊ टू बी ॲन एलियन' घेतलं आणि तिच्या आधी मीच वाचून बसलो. बाहेरनं आलेल्या माणसानं एवढी खेचली तरी इंग्रज चिडले कसे नाहीत? कोल्हापूरवर कुणी असं लिहिलं असतं तर?

उत्तर : भाऊ, गंमत म्हणजे ते चिडावेत हीच त्याची इच्छा होती! मिकेश मूळचा हंगेरीचा, जन्म १९१२ चा. १९३८ ला म्युनिक कराराची भानगड चालू होती तेव्हा बातमीदार म्हणून लंडनला आला, काम आटपून परत जायचं होतं, ते राहिलंच, १९८७ ला गेला तोही लंडनलाच. पुस्तक आलं १९४६ ला. पुढं एका आवृत्तीच्या प्रस्तावनेत त्यानं लिहून ठेवलंय की लोकांनी इतकं गोड स्वागत केलं की आश्चर्यही वाटलं आणि निराशाही झाली, दोन्हीचं कारण तेच.

आता बघा, रांगेचा जोक. इंग्रज एकटा असला तरी स्वतःचीच नीट रांग लावून उभा राहतो म्हणे. पुस्तक आलं त्या वर्षी लढाई संपलेली पण रेशन संपलेलं नव्हतं, उलट युद्धात मोकळा मिळणारा पावसुद्धा १९४६ च्या जुलैत रेशनवर गेला. रोज रांगेत पाय मोडून घेणाऱ्या माणसाला कुणी म्हणालं की ही तुमची राष्ट्रीय हौस आहे, तर त्याला ती शिवी वाटतच नाही, कौतुक वाटतं. मिकेशनं दोष काढले खरे, पण ज्यांचा त्यांना आतून अभिमान होता नेमके तेच.

आपलं वेगळं नाही. परवा गंगावेशच्या दूध कट्ट्यावर एक पुण्याचा पाहुणा म्हणाला, "तुम्ही लोक प्रेमानं बोलताय का भांडताय तेच कळत नाही." मला वाटलं आता काही खरं नाही. पण समोर म्हैस पिळणारा गडी चिडला नाही, वर फेस येईस्तोवर पाहुण्याचा ग्लास पुन्हा भरला आणि म्हणाला, "प्या की, पैशाचं काय घेऊन बसलाय." आम्ही तोंडाळ, तिखट आणि रगेल असं लिहा, चौकात बॅनर लावतील. हां, एखाद्या नेत्याचं नाव घालून लिहिलंत तर मात्र माझ्याकडं सल्ला मागू नका, मी गावाला गेलोय.

पण त्याच पुस्तकात एक वाक्य आहे तिथं मी हसता हसता थांबलो. गुन्हेगार सुधारू शकतो, परदेशी माणूस नाही, तो कागदावर ब्रिटिश होईल पण इंग्लिश कधीच होणार नाही. आणि हे लिहिणारा स्वतः ब्रिटिश नागरिक झाला. आमच्या गल्लीत एक काका ३० वर्षं राहतात, पांढरा रस्सा आमच्या घरापेक्षा भारी करतात, तालमीची वर्गणी पहिली त्यांची, तरी पोरं म्हणतात काय, "सोलापूरच्या काकांकडं जाऊन ये." मी पण तेच म्हणतो, खोटं कशाला बोलू.

प्रश्न : मग पोरीला पुस्तक देऊ का नको? घाबरायची नाही ना?

उत्तर : द्या की. फक्त चहावरचं प्रकरण आधी वाचून दाखवा, मिकेश म्हणतो चांगला चहा होता, बिनसाखरेचा करून त्यात गार दुधाचे चार थेंब टाकले आणि गुळण्या करायचं पाणी करून ठेवलं, मग तो राष्ट्रीय पेय झाला. हे ऐकल्यावर ती बॅगेत चहा पावडर, गवती चहा आणि एक छोटं पातेलं स्वतःहून भरेल. पातेलं जाड बुडाचं द्या.